पोस्ट प्रोसेसर: निवडायचा कसा आणि मशीन न ठोकता तपासायचा कसा

कॅम (मशीनिंगचा प्रोग्रॅम बनवणाऱ्या) सॉफ्टवेअरमध्ये सिम्युलेशन शेवटपर्यंत चाललं, कुठे लाल रंग आला नाही, म्हणजे प्रोग्रॅम बरोबर आहे असं बरेच जण धरून चालतात. पण सर्वसाधारण कॅममधलं ते सिम्युलेशन मशीनला जाणाऱ्या फाइलचं नसतंच. ते टूलपाथचं असतं. टूलचं टोक कुठून कुठे जाणार, कोणत्या फीडनं जाणार, याच्या सॉफ्टवेअरनं स्वतःच्या भाषेत ठेवलेल्या नोंदी त्यात चालवून दाखवलेल्या असतात. पोस्ट प्रोसेसर त्यानंतर येतो. त्या नोंदी घेऊन तो तुमच्या मशीनच्या कंट्रोलला कळेल असा जी-कोड लिहितो. इथे झालेली चूक सिम्युलेशनमध्ये दिसत नाही, कारण सिम्युलेशन तिच्या आधीच संपलेलं असतं.

जी-कोडचं प्रमाण आहे. अमेरिकेतलं आरएस-२७४-डी आहे, १९८२ सालचं आयएसओ ६९८३ आहे. पण या प्रमाणांनी बरेच कोड मोकळे सोडले आणि प्रत्येक कंट्रोल बनवणाऱ्यानं ते आपापल्या पद्धतीनं भरले. त्यावर मशीन बनवणाऱ्यानं आपले एम-कोड (स्पिंडल, कूलंट, टूल चेंज चालवणारे कोड) चढवले, आणि त्यानंतर कारखान्यात कोणीतरी पॅरामीटर बदलले. त्यामुळे पोस्ट 'फानुकसाठी' किंवा 'सीमेन्ससाठी' नसतो. तो तुमच्या शेडमधल्या त्या एका मशीनसाठी असतो. एकाच कंपनीच्या, एकाच मॉडेलच्या दोन व्हीएमसी (उभ्या स्पिंडलची मिलिंग मशीन) शेजारी उभ्या असल्या आणि एकीला आर्म टाइप एटीसी (आपोआप टूल बदलणारी यंत्रणा), दुसरीला छत्री टाइप असेल, तर तेवढ्यानंही टूल चेंजच्या ओळी वेगळ्या लागतात. आर्म टाइपवर 'टी१ एम६' झाल्यावर लगेच पुढचं 'टी२' देऊन ठेवता येतं आणि वेळ वाचतो. बऱ्याच छत्री टाइप मशीनवर हीच ओळ अलार्म देते किंवा मॅगझिन नको तिथे फिरवते.

आधी काय गोळा करायचं

पोस्ट मागायच्या किंवा निवडायच्या आधी मशीनपाशी जाऊन माहिती काढा. कंट्रोलचं नेमकं नाव घ्या. नुसतं 'फानुक' पुरत नाही, 'झिरो-आय एमएफ' की 'एमडी' की '३१-आय' ते हवं. कोणते ऑप्शन चालू आहेत ते पाहा: रिजिड टॅपिंग आहे का, हाय-स्पीड कंटूरिंग आहे का, जी५४ ते जी५९ शिवाय जादा वर्क ऑफसेट (जॉबचं शून्य कुठे आहे ते सांगणाऱ्या नोंदी) आहेत का. पोस्टनं हाय-स्पीड कंटूरिंगचा 'जी०५.१ क्यू१' लिहिला आणि मशीनवर तो ऑप्शन घेतलेलाच नसेल, तर प्रोग्रॅम तिथेच अलार्म देऊन थांबेल. मशीन बिल्डरच्या मॅन्युअलमधली एम-कोडची यादी, टूल चेंजचा प्रकार, तिन्ही अक्षांचा ट्रॅव्हल, चौथा अक्ष असेल तर त्याची दिशा आणि क्लॅम्प-अनक्लॅम्पचे कोड लिहून घ्या.

या सगळ्यापेक्षा मोलाचा कागद म्हणजे त्याच मशीनवर रोज नीट चालणारा एखादा जुना प्रोग्रॅम. सुरुवात कशी, टूल बदलताना काय, शेवटी टेबल कुठे आणायचं, हे सगळं त्यात लिहिलेलं असतं. पोस्ट बनवणाऱ्याला तो द्या, आणि नवा पोस्ट आल्यावर तपासायलाही तोच वापरा.

पोस्ट मिळवायचे मार्ग तीन. सॉफ्टवेअरसोबत येणारा जेनेरिक, विक्रेत्याकडून तुमच्या मशीनसाठी करून घेतलेला, आणि जेनेरिकमध्ये स्वतः बदल केलेला. तीन अक्षांच्या साध्या व्हीएमसीला जेनेरिक पोस्ट घेऊन चार-पाच गोष्टी सुधारल्या की काम भागतं. चौथ्या अक्षाला बरीच जास्त तपासणी लागते. पाच अक्ष आणि मिल-टर्न मशीनवर मात्र जेनेरिकच्या वाटेला जाऊ नये. तसल्याच मशीनवर ज्यानं पोस्ट चालवून दाखवला आहे त्याच्याकडूनच घ्यावा आणि करारात मशीनवरची चाचणी लिहून घ्यावी.

विकत घेताना एक प्रश्न हमखास विचारा: पोस्ट उघडा आहे की कुलूपबंद? फ्युजनचे 'सीपीएस' पोस्ट साध्या जावास्क्रिप्टमध्ये असतात, कोणत्याही टेक्स्ट एडिटरमध्ये उघडतात. मास्टरकॅमचा 'पीएसटी' वाचता येतो, पण काही विक्रेते त्यातला महत्त्वाचा भाग 'पीएसबी' या बंद फाइलमध्ये ठेवतात. बंद असणं वाईट नाही, फक्त एखादा एम-कोड बदलायलासुद्धा विक्रेत्याची वाट पाहावी लागेल हे आधी माहीत हवं. सॉफ्टवेअरची नवी आवृत्ती आल्यावर तो पोस्ट कोण जुळवून देणार, हेही तेव्हाच ठरवून घ्या.

फ्युजनचं वैयक्तिक वापराचं मोफत लायसन्स असेल तर एक लक्षात ठेवा. त्यात जी० च्या जलद हालचाली कटिंगच्या फीडनं निघतात आणि एका फाइलमध्ये टूल चेंज मिळत नाही. पोस्ट बिघडला समजून लोक त्यात शोधत बसतात. ही मर्यादा लायसन्सची आहे.

मशीनला हात लावायच्या आधी: फाइल वाचा

एक छोटा चाचणी जॉब कॅममध्ये तयार करा. ॲल्युमिनियमचा १०० × १०० × ३० मिमीचा ठोकळा पुरेसा आहे. त्यात वरून फेसिंग, १० मिमी एंडमिलनं ८० × ८० चा बाहेरचा कंटूर कटर कॉम्पेन्सेशन (टूलच्या रेडियसची भरपाई) लावून, मधे ३० मिमी व्यासाचा गोल पॉकेट हेलिक्सनं आत शिरून, ६० मिमी अंतरावर ६.८ मिमीची चार होल, आणि त्यात एम८ टॅप. दोन होलांच्या मधे १० मिमी उंचीची पायरी ठेवा. एका कोपऱ्याला ८ मिमी रेडियस, दुसऱ्याला चॅम्फर द्या. जॉब सममित असेल तर आरसा पडलेला किंवा एक्स-वाय उलटे झालेले कळत नाहीत. एक ऑपरेशन जी५५ वर ठेवा, आणि आधी वापरलेलं एक टूल शेवटी परत बोलवा.

आता निघालेली फाइल आणि जुना चांगला प्रोग्रॅम विनमर्जसारख्या तुलना करणाऱ्या सॉफ्टवेअरमध्ये शेजारी शेजारी उघडा आणि हे पाहा.

पहिली गोष्ट दशांश चिन्ह. फानुकमध्ये पॅरामीटर ३४०१ चा शून्यावा बिट ० असेल तर दशांश चिन्हाशिवाय लिहिलेलं 'एक्स१०' म्हणजे १० मिमी नव्हे, १० मायक्रॉन. तोच बिट १ असेल तर १० मिमी. पोस्टनं पूर्ण संख्येनंतरही बिंदू द्यायलाच हवा: 'एक्स१०.' असा. त्याच्या जोडीला सुरुवातीच्या ओळीत 'जी२१' आहे का बघा. नसेल आणि मशीन इंचात राहिलेलं असेल तर सगळी मापं २५.४ पट होतात.

दुसरी, होमला जाण्याची ओळ. 'जी९१ जी२८ झेड०.' ही बरोबर. यातलं 'जी९१' (चालू जागेपासून मोजणारा मोड) गळालं आणि मशीन जी९० मध्ये (शून्यापासून मोजणाऱ्या मोडमध्ये) असेल, तर जी२८ आधी मधल्या बिंदूला जातं, आणि तो मधला बिंदू म्हणजे चालू वर्क ऑफसेटचा झेड शून्य. म्हणजे वर जायच्या आधी टूल रॅपिडनं (जी० च्या जलद वेगानं) जॉबच्या पृष्ठभागापर्यंत खाली येतं. त्या वेळी टूल लेंग्थ रद्द झालेली असेल तर त्याच्याही खाली.

तिसरी, आणि सगळ्यात जास्त नुकसान करणारी, जी४३, म्हणजे टूलची लांबी लागू करणारा कोड. समजा जी५४ चा झेड स्पिंडलच्या नाकावरून घेतला आहे आणि एच१ मध्ये (लांबीच्या टेबलातल्या पहिल्या नोंदीत) टूलची लांबी १२० मिमी भरली आहे. 'जी४३ एच१ झेड५०.' असेल तर टूलचं टोक जॉबच्या ५० मिमी वर थांबतं. जी४३ नसेल तर ५० मिमीवर स्पिंडलचं नाक येऊ पाहतं, म्हणजे टूलचं टोक जॉबच्या ७० मिमी खाली. तेही रॅपिडनं. याउलट ज्या शॉपमध्ये प्रत्येक टूल जॉबवर टेकवून एच मध्ये उणे आकडा भरतात आणि जी५४ चा झेड शून्य ठेवतात, तिथे तीच चूक नुसता ओव्हरट्रॅव्हल अलार्म देऊन थांबते. म्हणून 'आमच्याकडे हा पोस्ट वर्षभर चालतोय' या शेजारच्या शॉपच्या खात्रीवर विसंबू नका. त्यांची ऑफसेट घ्यायची पद्धत वेगळी असू शकते.

डी नंबर (कटरच्या रेडियसची नोंद) बघा. काही जुन्या फानुकवर लांबी आणि रेडियसचं टेबल एकच असतं. तिथे पोस्टनं 'एच१' आणि 'डी१' दोन्ही दिले तर १२० मिमी लांबीच कटरचा रेडियस म्हणून घेतली जाईल. अशा मशीनला डी साठी टूल नंबरमध्ये २० किंवा ५० मिळवून लिहिणारा पोस्ट हवा. कॅममध्ये कॉम्पेन्सेशन 'वेअर' ठेवलंय की 'कंट्रोल', हेही त्याच वेळी सेटरशी बोलून पक्कं करा. 'वेअर'मध्ये डी जवळपास शून्य असतो, 'कंट्रोल'मध्ये पूर्ण रेडियस. १० मिमी एंडमिलसाठी 'कंट्रोल'चा प्रोग्रॅम आणि डी मध्ये शून्य, असं झालं तर प्रत्येक बाजूला ५ मिमी जास्त कापलं जातं.

पूर्ण वर्तुळ आर नं (रेडियस देऊन) लिहिलेलं नको. फानुकवर सुरुवात आणि शेवट एकच असताना आर दिला तर तो शून्य अंशाचा आर्क समजला जातो आणि टूल जागचं हलत नाही. केंद्राची जागा सांगणारे आय आणि जे हवेत, किंवा वर्तुळ दोन-चार तुकड्यांत हवं. कंट्रोलला केंद्र सुरुवातीच्या बिंदूपासून मोजून हवंय की जॉबच्या शून्यापासून, हेही जुळलं पाहिजे. मॅक३ या पीसीवरच्या कंट्रोलमध्ये ही सेटिंग चुकली की छोट्या वर्तुळाच्या जागी पडदाभर मोठाली वर्तुळं दिसतात. फानुक अशा वेळी बहुधा २० नंबरचा अलार्म देतो.

ड्रिलिंग सायकलमध्ये जी९८ आणि जी९९ पाहा. जी९९ मध्ये टूल फक्त आर पातळीपर्यंत (होलाच्या जरा वर) येतं आणि पुढच्या होलाकडे जाताना मधली पायरी लागते. चाचणी जॉबमध्ये पायरी ठेवली ती यासाठीच. सीमेन्सवर 'एमकॉल सायकल८३' संपल्यावर मोकळा 'एमकॉल' आलाच पाहिजे, नाहीतर पुढच्या प्रत्येक पोझिशनवर ड्रिल आत जाईल. टॅपिंगला फीड भागिले आरपीएम म्हणजे पिच आलीच पाहिजे: एस५०० ला एफ६२५, म्हणजे १.२५. कोणी मशीनवर फक्त एस ४०० केला आणि एफ तसाच ठेवला तर पिच १.५६ होते आणि टॅप तुटतो.

थांबण्याचा कोडही बघून घ्या. फानुकवर 'जी०४ पी१०००' म्हणजे १ सेकंद, कारण पी मिलिसेकंदांत आहे. लिनक्सएनसी किंवा जीआरबीएलवर तोच पी सेकंदांत मोजला जातो, म्हणजे ड्रिल होलाच्या तळाशी १६ मिनिटं ४० सेकंद घासत बसेल. राउटरवाल्यांसाठी आणखी एक: जीआरबीएल १.१ ला ड्रिलिंग सायकलचे जी८१, जी८३ कळत नाहीत. त्याच्या पोस्टनं प्रत्येक पेक (थोडं कापून बाहेर येण्याची हालचाल) साध्या जी० आणि जी१ मध्ये उलगडून लिहायला हवा.

शेवटी प्रत्येक टूलची सुरुवात वाचा. फाइल छोटी ठेवायला पोस्ट चालू असलेले कोड परत लिहीत नाही. पण तिसरं टूल तुटलं आणि ऑपरेटरनं तिथूनच प्रोग्रॅम सुरू केला, तर जी५४, जी९०, एस, एम३, जी४३, एम८ हे सगळं त्या टूलच्या सुरुवातीला असायला हवं. चार ओळींनी फाइल वाढली तर वाढू द्या.

हे डोळ्यांनी पाहून झाल्यावर फाइल जी-कोड वाचणाऱ्या सिम्युलेटरमध्ये टाका. सिमको एडिट, व्हेरिकट, सीमेन्ससाठी सिनुट्रेन यांपैकी जे हाताशी असेल ते. यात कॅमच्या नोंदी चालत नाहीत, पोस्टनं लिहिलेली खरी ओळ चालते.

एक फरक मात्र साध्या बॅकप्लॉटमध्ये (टूलचा मार्ग पडद्यावर रेखाटून पाहताना) बऱ्याचदा दिसत नाही. फानुकवर पॅरामीटर १४०१ चा एलआरपी बिट ० असेल तर जी० मध्ये प्रत्येक अक्ष आपापल्या पूर्ण वेगानं जातो. पडद्यावर सरळ दिसणारी तिरकी रेषा प्रत्यक्षात कोपरा मोडून जाते आणि क्लॅम्पवर आदळू शकते. त्यावर काही पोस्टमध्ये तिरक्या रॅपिडला मोठ्या फीडच्या जी१ मध्ये बदलायची सोय असते, ती वापरा.

मशीनवर

वर्क ऑफसेट, टूल ऑफसेट आणि पॅरामीटर यांचा बॅकअप घ्या. मग ग्राफिक्स लावून मशीन लॉकमध्ये फाइल चालवा. अलार्म येणारे कोड इथेच कळतात. पण दोन सावधगिऱ्या आहेत. मशीन लॉक फक्त अक्ष थांबवतं. एम, एस आणि टी चालूच राहतात, त्यासाठी ऑक्झिलरी लॉक वेगळा लावावा लागतो. आणि लॉक काढल्यावर स्क्रीनवरची पोझिशन आणि टेबलची खरी जागा जुळत नाही. बिल्डरच्या मॅन्युअलप्रमाणे रेफरन्स परत घेतल्याशिवाय पुढे सायकल स्टार्ट दाबू नका.

त्यानंतर हवेत. व्हाइसमध्ये जॉब नको. वर्क ऑफसेटच्या पानावर 'ईएक्सटी' मध्ये झेड अधिक १०० भरा, म्हणजे जी५४ पासूनचे सगळे ऑफसेट १०० मिमी वर सरकतात. चिन्ह दोनदा बघा, उणे १०० म्हणजे थेट टेबल. सगळ्यात लांब टूल आणि वरचा क्लिअरन्स धरून झेडचा ट्रॅव्हल पुरतो का, तेही आधी मोजा. जी२८ आणि जी५३ नं होणारं होमचं जाणं या उचलण्यानं बदलत नाही, हे मनात ठेवा.

सिंगल ब्लॉक चालू, रॅपिड ओव्हरराइड सगळ्यात खाली, फीडचं बटण शून्याजवळ, एक हात फीड होल्डवर. स्क्रीनवर 'डिस्टन्स टू गो' दिसू द्या. प्रत्येक टूल चेंजनंतरची झेडची पहिली खाली येणारी हालचाल ही खरी परीक्षा असते. मधेच फीड होल्ड करा, उरलेलं अंतर वाचा आणि टूलच्या टोकाखाली पट्टी धरून तेवढी जागा खरंच आहे का बघा. स्क्रीन १३० मिमी उरलंय म्हणत असेल आणि टोकाखाली ४० च असतील, तर रीसेट करा आणि जी४३ च्या ओळीवर परत जा.

ड्राय रनच्या बटणावर भरवसा ठेवू नका. त्यात प्रोग्रॅममधला एफ बाजूला राहतो आणि मशीन ड्राय रनच्या वेगानं चालतं, त्यामुळे फीड तपासलं जात नाही. फीड तपासायला एकदा १०० टक्के ओव्हरराइडवर हवेतच सगळं चालवा. टॅपिंग सायकल चालू असताना ओव्हरराइड लागू होत नाही आणि फीड होल्ड दाबलं तरी टॅप बाहेर आल्यावरच थांबतं. तो भाग चालवताना हे माहीत असलेला माणूसच मशीनपाशी हवा. हवेतच एकदा तिसऱ्या टूलपासून मधूनच सुरू करून पाहा.

सगळं जुळलं की 'ईएक्सटी' पुन्हा शून्य करा, ऑफसेटचं पान परत वाचा, मग ॲल्युमिनियम लावा. कापून झाल्यावर ८० चं माप दोन्ही बाजूंनी घ्या, ३० चा बोअर एक्स आणि वाय अशा दोन्ही दिशांनी, होलांचं ६० चं अंतर, आणि एम८ ला थ्रेड गेज. रेडियस आणि चॅम्फर ड्रॉइंगमध्ये आहेत त्याच कोपऱ्यांवर आले का, तेही बघा.

लेथ आणि चौथा अक्ष

लेथवर एक ओळ माणसाच्या जिवाशी संबंधित आहे. जी९६ मध्ये (कापण्याचा वेग कायम ठेवणाऱ्या मोडमध्ये) व्यास कमी होईल तसे आरपीएम वाढतात. 'जी९६ एस२००' ला ५० मिमी व्यासावर सुमारे १२७३ आरपीएम, १० मिमीवर सुमारे ६३६६, आणि फेसिंग करत मध्यावर आलं की मशीनच्या कमाल वेगापर्यंत. पकड सैल होऊन जॉब बाहेर फेकला जातो तो इथे. म्हणून जी९६ च्या आधी कमाल वेगाची मर्यादा हवीच. फानुकच्या 'ए' जी-कोड पद्धतीत ती जी५० एस नं देतात, 'बी' मध्ये जी९२ एस नं. 'ए' मध्ये जी९८ म्हणजे मिनिटाला फीड आणि जी९९ म्हणजे फेऱ्याला फीड, 'बी' मध्ये त्यासाठी जी९४ आणि जी९५. पोस्ट कोणत्या पद्धतीचा आहे ते मशीनशी जुळल्याशिवाय चकमध्ये जॉब पकडू नका.

चौथ्या अक्षावर आधी टूलशिवाय, झेड वर ठेवून, एमडीआय मध्ये (हातानं एकेक ओळ देण्याच्या मोडमध्ये) 'ए३०.' द्या आणि फेसप्लेटवर मार्करनं खूण करून दिशा बघा. मग ३५० वरून १० वर पाठवा: २० अंश पुढे जातो की ३४० अंश मागे फिरतो? पोस्टला जे वाटतं तेच मशीननं केलं पाहिजे. क्लॅम्प-अनक्लॅम्पसाठी एम१० आणि एम११ सगळीकडे नसतात, बिल्डरची यादी बघा. आणि जी९३ (वेळेवरून फीड देणारा मोड) वापरलं असेल तर ते संपताच 'जी९४' परत लिहिलंय का ते शोधा. जी९३ मधला एफ प्रत्येक ओळीसाठी वेगळा असतो. तो मोड तसाच राहिला तर पुढच्या साध्या मिलिंगचा फीड भलताच होतो.

पास झाल्यावर

पोस्टच्या नावात मशीनचं नाव आणि तारीख टाका, आणि हीच माहिती प्रत्येक प्रोग्रॅमच्या वरच्या ओळीत कॉमेंट म्हणून निघेल असं करा. फाइल एकाच ठिकाणी, फक्त वाचता येईल अशी ठेवा. ऑपरेटर प्रत्येक प्रोग्रॅममध्ये तीच ओळ हातानं बदलतोय असं दिसलं तर ती पोस्टची चूक आहे. ती पोस्टमध्येच दुरुस्त करा, कारण एखाद्या पाळीत ती ओळ बदलायची राहते. दुरुस्ती कितीही छोटी असली तरी चाचणी जॉबची फाइल नव्यानं काढून जुन्या फाइलशी जुळवा. जिथे फरक अपेक्षित होता फक्त तिथेच दिसला पाहिजे.

कंट्रोलची बॅटरी संपून किंवा बोर्ड बदलून पॅरामीटर नव्यानं भरावे लागले, तर पोस्टला कोणी हात लावलेला नसला तरी हवेतली चाचणी परत करा. ३४०१ चा तो एक बिट बदलला तरी चालेल असा पोस्ट प्रत्येक आकड्यावर दशांश चिन्ह देणारा असतो, पण १४०१ सारख्या बाकीच्या बिटांबद्दल तसं काही करता येत नाही.